सुपडूच्या पाठीवरचा हिलाल

ही हकिकत सांगायची मी आजवर टाळत आलो. आधी वाटायचं, लोक हसतील. मग वाटलं, सुपडू गेला, आता कोणाला काय फरक पडतो... पण येत्या काही दिवसांत सुरतेत दिंडोलीतल्या आमच्या सोसायटीच्या बागेत एक संगमरवरी पाटी बसणार आहे. तिच्यावर माझी चार वाक्यं कोरायची ठरली आहेत. त्यात बरंच रचलेलं आहे आणि एक वाक्य तर धादांत खोटं आहे. कोणी तरी मला खोटं सांगितलं आणि मी ते लिहिलं, असंही नाही. मला खरं माहीत होतं. तरी मी खोटं लिहिलं. त्यामुळे आता गप्प बसणं मला जमणार नाही.

भुताखेतांवर माझा विश्वास नाही. तेव्हाही नव्हता, आजही नाही. सुरतच्या एका मराठी शाळेत मी हयातभर विज्ञान शिकवलं. दाराला लिंबू-मिरची लावणाऱ्या शेजाऱ्यांशी भांडलो, स्वतःच्या घराची वास्तुशांत केली नाही, अमावास्येला मुद्दाम स्कूटर विकत आणली. या सदरात येणारे वाचकांचे भुताखेतांचे अनुभव बायको मोठ्याने वाचून दाखवायची तेव्हा मी म्हणायचो – ॲसिडिटी आहे, त्यांना सांग रात्री हलकं जेवा. तेव्हा माझ्याबद्दलही कोणी तसंच म्हणणार असेल तर खुशाल म्हणावं. फक्त शेवटपर्यंत वाचून म्हणावं.

आमचं गाव धुळे जिल्ह्यात, तापीच्या काठाला. गावातली दोन पोरं एकाच वेळी फौजेत भरती झाली – हिलाल आणि सुपडू. माझ्याच वयाची, माझ्याच वर्गातली. हिलाल गोरा, उंच, गाणारा. सुपडू ठेंगणा, रुंद पाठीचा, कमी बोलणारा. गावात बैलगाडी चिखलात रुतली की सुपडूला हाक मारायचे. एकाहत्तरच्या लढाईत दोघं पश्चिमेच्या सीमेवर एकाच तुकडीत होते. हिलाल परत आला नाही. सुपडू आला – लढाईनंतर काही महिन्यांनी, मान खाली घालून. तो रायफल टाकून आला होता, त्याला शिक्षा झाली होती आणि घरी पाठवलं होतं. एवढंच गावाला कळलं होतं.

पुढच्या उन्हाळ्यात गावाने हिलालचं स्मारक बांधलं. मी तेव्हा नुकताच सुरतला शिक्षक म्हणून लागलो होतो, सुट्टीला आलो होतो. सरपंच म्हणाले, "तू शिकेल माणूस, हिलालची कथा तू लिहायची आणि तूच बोलायची." मला फार आनंद झाला. चोवीस-पंचवीस वर्षांचं वय, समोर चार गावांची गर्दी जमणार... मी माहिती घ्यायला सुपडूच्या खळ्यावर गेलो.

सुपडूने मला सगळं सांगितलं. एकदाच सांगितलं, थांबत थांबत.

मोठी चकमक वगैरे नव्हती. सकाळचं धुकं होतं. दोघं पुढच्या चौकीला जेवण पोहोचवून परत येत होते. तोफेचा गोळा पडला आणि हिलालच्या मांडीला आणि पोटाला तुकडे लागले. मलमपट्टीचं ठिकाण बरंच मागे होतं. सुपडूने त्याला पाठीवर घेतलं. दोन रायफली, गोळ्या आणि वर माणूस – काही अंतर त्याने तसंच काढलं. मग पाय भरून आले, हिलाल घसरायला लागला. तेव्हा सुपडूने आधी हिलालची रायफल टाकली, मग स्वतःची. हिलाल रडत होता, आईला हाका मारत होता. मध्येच शांत झाला.

"कव्हय गया ते माले समजनं नही," सुपडू म्हणाला. तो कधी गेला ते मला कळलंच नाही. "मी चालीच राहिंतू." मी चालतच राहिलो.

ठिकाणावर पोहोचल्यावर त्याच्या साहेबाने विचारलं, रायफल कुठाय? सुपडू म्हणाला, "साब, आदमी लाया हूं." साहेबाने पाठीवरचा माणूस उतरवून घेतला, नाडी पाहिली. तो गेलेला होता. मग राहिला फक्त रायफलीचा प्रश्न. फौजेत नियम तो नियम.

मी घरी आलो, लिहायला बसलो आणि हे मला लिहिता येईना. जेवण पोहोचवून परत येताना मेलेला वीर! रडणारा, आईला हाका मारणारा! असली गोष्ट ऐकून कोण टाळ्या वाजवेल? मी हिलालला एका टेकडीवर चढवलं. हातात मशीनगन दिली. समोर शत्रूची पलटण उभी केली. आणि टेकडीवर तो एकटा का, याचं कारण पाहिजे होतं, म्हणून लिहिलं – "त्याचा सोबती रायफल टाकून पळून गेला, पण हिलाल हटला नाही." हे वाक्य सुचलं तेव्हा मी खूश होऊन उठून खोलीत फेऱ्या मारल्या होत्या. हे मला चांगलं आठवतं. विसरायचा प्रयत्न करून पाहिलाय.

मी सुपडूचं नाव घेतलं नव्हतं. पण रायफल टाकून आलेला माणूस गावात एकच होता.

भाषण झालं. टाळ्या झाल्या. हिलालची आई पहिल्या रांगेत बसली होती. ती उठून माझ्याजवळ आली, माझ्या हाताला धरून म्हणाली, "गुरुजी, मन्हा पोऱ्या लढता लढताच गया ना?" मी म्हणालो, हो माय. तिने वळून सुपडूकडे पाहिलं. तो खांबाला टेकून उभा होता. सगळा गाव त्याच्याकडे बघत होता. त्याने एवढंच म्हटलं, "हां माय. लढता लढताच."

त्या दिवसापासून आजपर्यंत मी स्वतःला समजावत आलो की मी त्या आईसाठी खोटं बोललो. हे ऐकायला बरं वाटतं. पण आईला पळपुट्या सोबत्याची काही गरज नव्हती. ती गरज माझ्या भाषणाला होती.

सुपडूला गावात राहणं अवघड झालं. पोरं मागून ओरडायची, "फेक, फेक!" तोही सुरतला आला, नवागामला, पॉवरलूमच्या खात्यात – सुरतेत कारखान्याला खातं म्हणतात – लागला. सुरतमध्ये आमचं खान्देशी मंडळ उभं राहिलं, दर पंधरा ऑगस्टला ध्वजवंदन झाल्यावर हिलालची कथा सांगायचा रिवाज पडला, आणि ती सांगणारा अर्थातच मी. सुरुवातीची काही वर्षं सुपडू येऊन शेवटच्या रांगेत बसायचा. पुढे त्याच्या मुलाने कोणाशी तरी मारामारी केली, याच वाक्यावरून, आणि सुपडू यायचा बंद झाला. पण दिंडोली आणि नवागाम काही लांब नाहीत. मंडळाचा भोंगा खांबावर बांधायचे तो त्याच्या गल्लीकडे तोंड करून. घरात बसूनही त्याला ऐकू जायचं. मला हे माहीत होतं. भोंग्याचं तोंड फिरवा असंसुद्धा मी कधी म्हटलं नाही.

आता तो दिवस.

करोनाची दुसरी लाट ओसरली त्या वर्षी पंधरा ऑगस्ट रविवारी आला होता आणि त्याच रविवारी कानबाई बसणार होती. खान्देशाबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो – श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई देवी बसते. तिच्या नैवेद्याला रोट, म्हणजे जाड पोळ्या, करतात. त्यासाठी धान्य घेताना घरातल्या प्रत्येक पुरुषाचं नाव घेऊन त्याच्या नावाची सव्वा मूठ घालायची. पोटातलं पोर सोडून कोणाचंही नाव चुकवायचं नाही. आणि हे रोट फक्त भाऊबंदांनी खायचे. बाहेरच्याला देत नाहीत, उरलेला टाकत नाहीत. सुरतेत वाढलेल्या आमच्या पोरांना मराठी धड येत नाही, पण कानबाईला सगळे घरी असतात.

गर्दी यथातथाच होती. मास्क सगळ्यांच्या हनुवटीवर. सकाळची नऊ-साडेनऊची वेळ, लख्ख ऊन. मंडळाचा अध्यक्ष प्रकाश – माझाच विद्यार्थी, आता साड्यांचा व्यापारी – माईक माझ्या हातात देत म्हणाला, "सर, जरा शॉर्टमा पतावजो हं, थोडक्यात आटपा, घरी बायका वाट बघतायत. कानबाईपेक्षा तुमचं भाषण लांबलं तर रोट आमच्याच टाळक्यात घालतील."

लोक हसले. मीही हसलो. मी नाश्ता केला होता, बीपीची गोळी घेतली होती, तब्येत उत्तम होती. हे मुद्दाम लिहितोय.

मी सुरुवात केली. टेकडी आली, मशीनगन आली. मग मी म्हणालो, "आणि त्याचा सोबती—"

त्या क्षणी कोणी तरी माझ्या पाठीवर बसलं.

याहून वेगळं कसं सांगू? चक्कर नाही, कळ नाही, उसण नाही. आपण लहान मुलाला पाठुंगळी घेतो तसं – पण पूर्ण वाढलेल्या माणसाचं वजन. दोन हात मागून माझ्या गळ्याभोवती आले. एक गाल माझ्या मानेला टेकला, आणि तो ओला होता. मी पुढे वाकलो. माईक हातातून पडला. माझे हात आपोआप मागे गेले आणि बोटं एकमेकांत अडकली, मांड्यांखाली धरतात तशी. माझ्या बोटांना जाडाभरडा कपडा लागला. लोकर असावी. ऑगस्टच्या सुरतेत लोकर!

आणि कानाजवळ, अगदी कानाजवळ, कोणी तरी बोललं. आमच्या गावच्या अहिराणीत.

"सुपडू... मन्हा बूट पडना रे."

माझा बूट पडला. बस्स. न ओरडता, एखादं पोर तक्रार करतं तसं.

प्रकाश धावत आला. "सर, शुं थयु? सर, बसा, खुर्ची आणा रे!" त्याने माझा दंड धरून मला बसवायला पाहिलं. मला बसता येईना. बसलो असतो तर पाठीवरचा माणूस पडला असता – त्या क्षणी मला हेच वाटत होतं, दुसरं काही नाही. मी त्याला म्हणालो, "सोड, याला खाली ठेवता येत नाही." प्रकाशने इकडेतिकडे पाहिलं आणि माझा दंड सोडला. पुढे त्याने मला सांगितलं की तो घाबरला होता, कारण माझा सदरा पाठीवर दबलेला दिसत होता.

मी स्टेजवरून उतरलो आणि चालायला लागलो. कुठे जायचं ते मला ठाऊक होतं. विचार करून ठरवलं नव्हतं, पण ठाऊक होतं.

सत्तरी ओलांडलेला माणूस कमरेत वाकून, हात मागे बांधून, भर उन्हात नवागामच्या गल्ल्यांतून चालला आहे, आणि पाठीवर काही नाही... कसं दिसलं असेल ते मला माहीत आहे. भाजीवाली म्हणाली, "ओ काका, कंबर गेली काय?" चहाच्या टपरीवरचे दोघं हसले. सुट्टी असूनही एक-दोन खाती चालू होती, लूमची खटखट रस्त्यावर येत होती. त्या आवाजातही कानाशी तेच चाललेलं. बूट पडना रे. मी मध्ये एकदा थांबलो, भिंतीला खांदा टेकला. दम लागला होता. सोडून द्यावं असं वाटलं. बोटं सोडवून पाहिली. तेव्हा गळ्याभोवतीचे हात घट्ट झाले, आणि मला पहिल्यांदा कळलं की सुपडूने त्या दिवशी आधी एक रायफल टाकली, मग दुसरी – म्हणजे नेमकं काय केलं. त्याने माझ्याप्रमाणे बोटं सोडवून पाहिली नव्हती.

सुपडूचं घर गल्लीच्या टोकाला. दार उघडं होतं. आत तुपाचा आणि भाजलेल्या कणकेचा वास. इंदूबाई, त्याची बायको, गॅसपाशी खाली बसून रोट करत होती. कानबाईला ती गॅससुद्धा जमिनीवर उतरवते. सुपडू नवारीच्या खाटेवर बसला होता. मी उंबऱ्यात उभा राहिलो. हे मी शपथेवर सांगतो – मी एक अक्षर बोललो नव्हतो.

सुपडूने माझ्याकडे पाहिलं. मग माझ्या खांद्याच्या वर पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, आश्चर्यही नव्हतं. खूप दिवसांनी पाहुणा यावा आणि आपण घरातच असावं, तसा तो चेहरा होता.

"उना का रे हिलाल?" तो म्हणाला. "बठ." आलास का, बस – इतकंच.

वजन उतरलं. माझ्या पाठीवरून सरकत, एक पाय आधी, मग दुसरा. मी तिथेच उंबऱ्यावर बसलो. आणि समोर सुपडूच्या शेजारी, खाटेच्या रिकाम्या बाजूला, नवार हळूच खाली गेली. खाट कुरकुरली. मी पाहिलं. इंदूबाईनेही पाहिलं, तिचा हात परातीत थांबला.

सुपडू त्या रिकाम्या जागेकडे बघून म्हणाला, "बूट नही सापडना रे भाऊ. मी मांगे फिरीसन देखं व्हतं. धुकं लई व्हतं."

बूट सापडला नाही. मी मागे वळून पाहिलं होतं. धुकं फार होतं.

वाचकहो, बुटाची गोष्ट सुपडूने मला त्या उन्हाळ्यात सांगितली नव्हती. मी नंतर इंदूबाईला विचारलं, तिलाही ती कधी सांगितलेली नव्हती. मग माझ्या कानात ते शब्द आले कुठून? मनाचे खेळ म्हणता? माझ्या मनात जे नव्हतंच त्याचा खेळ माझं मन कसं करेल?

थोड्या वेळाने नवार सरळ झाली. इंदूबाईने मला पाणी दिलं. मी तांब्या रिकामा केला. तिने एक ताट वाढलं आणि खाटेवर, त्या जागी ठेवलं. मी बघतोय हे पाहून म्हणाली, "दर साल त्याना नावनी मूठ ऱ्हास, गुरुजी. ह्या सुरत उनात तव्हयपासून."

दरवर्षी हिलालच्या नावाची मूठ, सुपडू सुरतला आला तेव्हापासून! ना भाऊबंद, ना एक कूळ. "मग तो रोट खातं कोण?" मी विचारलं.

"मीच खास," सुपडू म्हणाला. "टाकता थोडंच येस?" आणि हसला. त्याचे पुढचे दात नव्हते. "लोके म्हनतस, सुपडू सगळं टाकी देस. पन रोट नही टाकत."

मी मान खाली घातली. आता बोलायचं, मी ठरवलं. तोंड उघडलं. तेवढ्यात सुपडूने ते ताट उचललं आणि माझ्यापुढे धरलं.

"हाऊ हिलालना रोट शे," तो म्हणाला. "आज तुम्हीन खा. इतलं लांब लई उनात त्याले."

त्याला तुम्ही इतक्या लांबून घेऊन आलात. त्या वाक्यात टोमणा होता का, हे मी हजार वेळा आठवून पाहिलं. नव्हता. त्याने मला भाऊबंदांत घेतलं होतं, एवढंच. आणि मी काय केलं? ज्याने जन्मभर रूढी-परंपरांवर कोरडे ओढले, अमावास्येला स्कूटर आणली, तो मी म्हणालो – "नाही नाही, सुपडू भाऊ, मला कसं चालेल? रोट भाऊबंदांनीच खायचा असतो. मी तुमच्या कुळातला नाही."

सुपडूने ताट खाली ठेवलं. "बरं," तो म्हणाला.

मी रीतीमागे लपलो. तो रोट खाल्ला असता तर पुढचं बोलावंच लागलं असतं. हिलालच्या वाट्याचं तोंडात घालून त्याच्या सोबत्यासमोर गप्प बसणं मलासुद्धा जमलं नसतं. म्हणून मी खाल्ला नाही. तेवढ्यात प्रकाश आणि मंडळाचे दोघे-तिघे रिक्षा घेऊन आले, "सर, चला, डॉक्टरकडे चला" म्हणत मला उठवून घेऊन गेले. जाताना मी मागे पाहिलं. सुपडू रोट कुस्करून त्यावर दूध ओतत होता.

डॉक्टरांना काही सापडलं नाही. ईसीजी नीट, पाठीचा एक्सरे वयाला शोभेल असा.

त्यानंतर मी दोनदा त्याच्याकडे गेलो. एकदा त्याने गुडघ्याच्या तेलाचा विषय काढला आणि मी आनंदाने त्या तेलावर बोलत बसलो. दुसऱ्यांदा तो झोपला होता. उठवू का, इंदूबाईने विचारलं, आणि मी म्हणालो, राहू द्या. दिवाळीनंतर तो गेला. मी खांदा द्यायला पुढे झालो. वयाकडे बघून लोकांनी अडवलं, मी ऐकलं नाही. काहीच वजन नव्हतं. त्या दिवशी मी जे वाहून नेलं होतं, त्याच्या पावभरही नाही.

त्या वर्षापासून मी भाषण करत नाही. प्रकाशने माझा जुना मजकूर छापून घेतला आहे, दुसरं कोणी तरी वाचतं. आता बागेत पाटी बसवायची म्हणतात. मी गेल्या आठवड्यात त्याच्या दुकानात गेलो, गादीवर बसलो आणि त्याला सगळं सांगितलं. स्टेजवर काय झालं ते त्याने स्वतः पाहिलं होतं, म्हणून वाटलं, ऐकेल.

"सर, जवा द्या ना, सोडून द्या," तो म्हणाला. "सुपडू आप्पा गेले, हिलालमामांची आई गेली. आता कोणाला पडलंय? पब्लिकला वीर पाहिजे, सर. जेवणाचे डबे पोहोचवणारा वीर कोण बघायला येणार?"

"तुझ्याकडे त्या दिवसाचा व्हिडिओ होता."

तो साडीची घडी नीट करत बसला. "डिलीट केला."

"का?"

"तुमची मस्करी झाली असती."

"प्रकाश, काय दिसत होतं त्यात?"

त्याने गिऱ्हाईक नाही ना ते पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाला, "सर, तुमची सावली पडली होती ना स्टेजवर... ती दोघांची वाटत होती. पण माझा मोबाइल स्वस्तातला आहे. मी काही बोलणार नाही. आणि पाटीचा मजकूर कारागिराकडे गेलाय."

"मग परत आण."

"सर, तुम्हीच लिहिलाय तो!"

"म्हणूनच म्हणतोय. मी लिहिलाय, मी खोडतो."

तो म्हणाला, मंडळाची मीटिंग घ्यावी लागेल. मी म्हणालो, घे. मीटिंगमध्ये काय होणार ते मला माहीत आहे. म्हातारा भ्रमिष्ट झाला, असं ठरेल. ठरू दे. त्या बागेत सुपडूची नातवंडं खेळतात. ती पाटी वाचता येईल एवढी ती आता मोठी झाली आहेत. मंडळाने मला माईक दिला नाही तर राहू दे, मी बागेच्या फाटकात उभा राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगेन. आवाज माझा अजून खणखणीत आहे. पन्नास वर्षं त्याने खोटं पोहोचवलं, आता खरं पोहोचवेल. आणि कोणी म्हणेल की याने हिलालचा अपमान होतो – तर त्यांनी एक दिवस मोठा माणूस पाठीवर घेऊन दिंडोलीहून नवागामला चालून दाखवावं, मग माझ्याशी बोलावं. हिलाल भ्याला, रडला, आईला हाका मारल्या, आणि तरी जेवण पोहोचवूनच परत फिरला होता. त्यात कमी काय आहे? टेकडीची गरज त्याला कधीच नव्हती.

त्या दिवशी माझ्या पाठीवर काय होतं, याचं स्पष्टीकरण माझ्याकडे नाही. मी विज्ञानाचा शिक्षक आहे, शोधून पाहिलं, सापडलं नाही. ज्याला सापडेल त्याने मला जरूर कळवावं, मी वाद घालणार नाही. पण ते सापडलं तरी पाटीवरचं वाक्य खरं होणार नाही.

शाळेत मी पोरांची अहिराणी खोडून प्रमाण मराठी करून घ्यायचो. मला सुपडूला जे सांगायचं होतं ते प्रमाण मराठीत सांगून चालणार नाही. उंबऱ्यावर बसलो होतो तेव्हा ते जिभेवर आलं होतं, तसंच इथे लिहितो.

सुपडू भाऊ, तू बंदूक टाकी. मानूस नही टाका. मी ते उलटं सांगं, आनि जलमभर सांगत ऱ्हायनू. मन्ही चूक व्हयनी. माले माफ कर. आनि हिलालना तो रोट दे माले... मी खासू.